चाळा, खोड आणि मंत्रचळ

सहावीच्या वर्गातील एका मुलीच्या वह्यांना भोके पडत असत. गोष्ट २००४ सालची. मुलगी हुशार, गणितात विशेष. पण उत्तर लिहिले की ती ते खोडायची, पुन्हा लिहायची, पुन्हा खोडायची. सातचा आकडा नीट आला नाही, बरोबरच्या चिन्हातील दोन रेघा सारख्या लांबीच्या नाहीत, असे काही तरी कारण असे. कागद झिजून आरपार होई. मग ते पान फाडून पहिल्यापासून सुरुवात. वर्गाची पाच उदाहरणे सोडवून होत, तेव्हा हिचे दुसरेही पुरे झालेले नसे.

शिक्षकखोलीत तिच्याविषयी दोन मते होती. एका बाईंच्या मते मुलीला 'चाळा' लागला होता. हातांना दुसरे काम दिले की तो सुटेल. एका सरांच्या मते ही 'खोड' होती आणि खोड मोडावीच लागते. तिसरे मत शिपाईमामांचे, पण ते कोणी विचारलेच नव्हते. चहाचे कप उचलता उचलता ते म्हणाले, "मंत्रचळ आहे हो हा. आमच्या आत्याला होता. रात्री दाराची कडी वीस-वीसदा बघायची."

आम्ही दुसऱ्या मताचे निघालो आणि तिचे खोडरबर काढून घेतले. चार दिवसांनी ती बोटाला थुंकी लावून खोडू लागली. पंधरवड्यानंतर तिने वही देणेच बंद केले. "घरी राहिली" हे उत्तर रोजचे झाले. तेव्हा आम्ही धोरण उलटे फिरवले. रागवायचे सोडून प्रत्येक उत्तरावर "छान आहे, बरोबर आहे" असे म्हणू लागलो. आठवडाभर बरे गेले. मग ती प्रत्येक ओळीला वही घेऊन टेबलाशी येऊ लागली. वार्षिक परीक्षेत तिची अर्धी उत्तरपत्रिका कोरी होती, आणि कोरी राहिलेली सगळी उदाहरणे तिला येणारी होती. मे महिन्यात वडिलांची बदली झाली व मुलगी शाळा सोडून गेली.

हे सारे सांगण्याचे कारण एक पुस्तक. पुढच्या वर्षी पुण्याच्या अप्पा बळवंत चौकात जुन्या पुस्तकांच्या ढिगात ते आम्हांला सापडले. नाव 'द बॉय हू कुडन्ट स्टॉप वॉशिंग'. म्हणजे धुणे थांबवू न शकलेला मुलगा. लेखिका ज्युडिथ रॅपोपोर्ट, प्रकाशन १९८९, न्यूयॉर्क. पुस्तक जुने झाले आहे, त्यातील काही भाग मागे पडला आहे, तरीही आम्ही ते अनेक शिक्षकांना वाचायला देतो. देताना दोन-तीन गोष्टी बजावूनही सांगतो. त्या येथे लिहून काढत आहोत.

रॅपोपोर्ट या बालमानसोपचारतज्ज्ञ. अमेरिकेतील बेथेस्डा येथील राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेत त्यांनी अनेक वर्षे संशोधन केले. पुस्तकाचा विषय ओसीडी. या विकारात एखादा नकोसा विचार मनात घुसतो आणि हुसकावला तरी परत येतो: हात घाण आहेत, दार उघडे राहिले, आपल्या हातून कोणाला तरी इजा झाली. याला आपण पछाडणारा विचार म्हणू. त्यातून येणारी घालमेल शमवण्यासाठी माणूस एखादी कृती ठरावीक पद्धतीने पुन्हा पुन्हा करतो. ही सक्तीची कृती. सक्ती बाहेरच्या कोणाची नसते, आणि बहुतेक रुग्णांना आपण करतो ते निरर्थक आहे हे पक्के ठाऊक असते. मराठीने या प्रकाराला फार पूर्वीच शब्द दिला आहे. मंत्र म्हणताना काही चुकले की डोके फिरते, या जुन्या समजुतीतून 'मंत्रचळ' आला. शब्द घडवणाऱ्याला मेंदूची माहिती नव्हती, पण चुकीची धास्ती आणि पुन्हापुन्हा करणे यांचे नाते त्याने अचूक पकडले होते, असे आम्हांला वाटते.

पुस्तकाचे बळ त्यातील माणसांत आहे. ज्याच्यावरून नाव पडले तो मुलगा चार्ल्स (हे नाव बदललेले). बाराव्या वर्षी त्याचे धुणे सुरू झाले. आंघोळ आणि कपडे घालणे यांतच दिवसाचे कित्येक तास जाऊ लागले. जीवशास्त्र आणि रसायनशास्त्र यांची गोडी असलेल्या या मुलाला शेवटी शाळा सोडावी लागली. त्याची भीती जंतूंची वाटते, पण खोलात गेल्यावर ती चिकटपणाची निघते. मेंदूचा विद्युत आलेख काढायचा तर डोक्याला चिकट लेप लावावा लागतो. या साध्या तपासणीने त्याची काय अवस्था झाली ते वाचताना आपण डॉक्टरांच्या बाजूला न राहता नकळत त्याच्या बाजूला जाऊन बसतो. दुसरे एक गृहस्थ गाडी चालवत असतात. चाक खड्ड्यातून गेले की आपण कोणाला चिरडले ही शंका त्यांना पकडते. ते मागे वळून रस्ता तपासतात, काही नसते, पुढे निघतात, नीट पाहिले का ही नवी शंका येते, पुन्हा मागे. हे प्रकरण आम्ही वाचले तेव्हा वहीला पडणारी भोके प्रथमच समजली. ती मुलगी सुंदर अक्षरासाठी खोडत नव्हती. 'आता ठीक झाले' ही जी खूण आपल्याला मनातून आपोआप मिळते, ती तिला मिळतच नव्हती.

रॅपोपोर्टबाईंनी धार्मिक विधींविषयीही लिहिले आहे आणि ते समंजसपणे लिहिले आहे. आपल्याकडे या मुद्द्यावर दोन्ही बाजूंनी घाई होते. सोवळे पाळणारी प्रत्येक आजी रुग्ण ठरवली जाते, किंवा तासन्‌तास पाण्यात उभी राहणारी सून 'फार स्वच्छतेची' म्हणून गौरवली जाते. जप एकशे आठ झाला की माळ खाली ठेवता येते. सक्तीच्या कृतीत एकशे आठवा मणी कधी येतच नाही, आला तरी तो नीट मोजला की नाही ही शंका उरते.

लेखिकेचा दुसरा मोठा मुद्दा असा की हा विकार दुर्मीळ नाही, दडवलेला आहे. १९५३ सालच्या एका अंदाजानुसार दहा हजारांत पाच माणसांना तो असावा. १९८४ मध्ये अमेरिकेतील मोठ्या पाहणीचे निष्कर्ष आले. प्रौढांत शंभरामागे दोन ते तिघांना आयुष्यात कधी ना कधी हा विकार झालेला आढळला. या आकड्यावर पुढे आक्षेपही आले, कारण मुलाखती घेणारे लोक वैद्यकीय प्रशिक्षण घेतलेले नव्हते. म्हणून आम्हांला रॅपोपोर्ट यांच्या सहकाऱ्यांची १९८८ ची शालेय पाहणी अधिक मोलाची वाटते. न्यू जर्सी राज्यातील एका परगण्यात माध्यमिक शाळांतील ५,५९६ विद्यार्थ्यांना आधी प्रश्नावली दिली, आणि ज्यांच्याविषयी शंका आली त्यांच्याशी तज्ज्ञ स्वतः बोलले. शंभरात साधारण एक मुलगा किंवा मुलगी त्या वेळी विकाराने त्रस्त निघाली, आणि सापडलेल्यांपैकी बहुतेकांवर कसलाही उपचार चालू नव्हता. २०१० साली प्रसिद्ध झालेल्या प्रौढांच्या पाहणीत वर्षभरातील प्रमाण १.२ टक्के आले, म्हणजे आकडा फारसा हलला नाही. आता आपल्या शाळेचा पट आठवा. हजार मुलांची शाळा असेल तर हिशेब तोंडी करता येईल. आमच्या शाळेत आम्हांला त्यांतील एकच मूल दिसले होते, आणि तेही वहीला भोके पडली म्हणून. मनातल्या मनात मोजणारा, बाकाला हात न लावणारा, एकच ओळ दहादा वाचणारा मुलगा आमच्यासमोर वर्षभर बसला असेल आणि त्याच्या प्रगतिपुस्तकावर आम्ही 'लक्ष देत नाही' असा शेरा मारला असेल.

येथवर पुस्तकाची स्तुती. आता भांडण.

विकार मेंदूचा आहे हे पटवण्यासाठी लेखिका बरेच श्रम घेतात आणि त्यांची गरजही होती. त्याआधी मुलांच्या अशा वागण्याचा दोष आईच्या संगोपनावर किंवा दडपलेल्या वासनांवर टाकण्याची रीत होती. मेंदूच्या खोल भागात 'बेसल गँग्लिया' नावाचे पेशींचे पुंजके आहेत. हालचालींचा क्रम सुरू करणे आणि थांबवणे यांत त्यांचा मोठा वाटा असतो. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास आलेल्या मेंदूज्वराच्या साथीत या भागाला इजा झालेल्या काही रुग्णांत सक्तीची कृती दिसली. संधिवाती तापानंतर होणाऱ्या कंपवाताच्या मुलांतही दिसते. इथपर्यंत पुरावा बरा आहे. मग लेखिका एक पाऊल पुढे टाकतात. पक्षी चोचीने पिसे साफ करतो, मांजर अंग चाटते, प्राणी आपले ठिकाण राखतात. अशा उपजत, ठरावीक क्रमाच्या वागणुकी मेंदूत साठवलेल्या आहेत आणि ओसीडीत त्या अकारण सुरू होतात, असे त्या सुचवतात. पुढे १९९२ साली त्यांनी आणि सहकाऱ्यांनी स्वतःचा पाय चाटून जखमी करणाऱ्या कुत्र्यांना माणसांचेच औषध दिले आणि त्यांचे चाटणे कमी झाले.

कल्पना मोहक आहे. शिक्षकांना ती फारच आवडते, हे आम्ही पाहिले आहे. पण विज्ञानाच्या तासाला आपण मुलांना जो प्रश्न विचारायला शिकवतो तो येथेही विचारावा. कोणते निरीक्षण मिळाले तर ही कल्पना चूक ठरेल? धुणे म्हणजे अंग साफ करणे, कडी तपासणे म्हणजे घरट्याची राखण. मग चौदाचा आकडा अशुभ वाटून पंधरापर्यंत मोजणे कोणत्या प्राण्याचे? प्रत्येक लक्षणासाठी एखादा प्राणी शोधता येत असेल तर त्या स्पष्टीकरणाने फारसे काही सांगितले, असे म्हणता येत नाही. आणि कुत्र्याला तो का चाटतो हे विचारता येत नाही. ओसीडीचा निम्मा भाग, म्हणजे तो पछाडणारा विचार, या तुलनेतून निसटतो.

याहून मोठी अडचण औषधाविषयी आहे. औषधाचे नाव क्लोमिप्रामाइन. १९८५ साली १९ मुलांवर आणि १९८९ साली ४८ मुलांवर त्याच्या चाचण्या याच गटाने केल्या व गुण स्पष्ट दिसला. पुस्तक निघाले तेव्हा अमेरिकेत या औषधाला परवानगी नव्हती. ती १९८९ च्या अखेरीस मिळाली. साहजिकच पुस्तकाला औषधाचा उत्साह आहे. वर्तनोपचाराचा उल्लेख लेखिका करतात, त्याची शिफारसही करतात, पण वाचक पुस्तक मिटतो तेव्हा त्याच्या मनात राहते ते असे: विकार मेंदूचा, म्हणून उपाय गोळीचा. हा 'म्हणून' चुकीचा आहे. १९९२ मध्ये लॉस एंजेलिस येथे लुईस बॅक्स्टर आणि सहकाऱ्यांनी काही रुग्णांना औषध दिले, काहींना केवळ वर्तनोपचार दिला, आणि दोहोंच्या मेंदूची उपचाराआधी व नंतर छायाचित्रे घेतली. ज्यांना गुण आला त्यांच्या मेंदूत बेसल गँग्लियातीलच एका भागाचा ग्लुकोजचा वापर उतरला होता, आणि तो दोन्ही गटांत उतरला होता. शिकण्याने मेंदू बदलतो. शिक्षकाला यात आश्चर्य वाटायला नको, पण शिक्षकखोलीत आम्ही हे सांगतो तेव्हा वाटते खरे.

चार्ल्सचीच कथा पाहा. औषधाने त्याला चांगला गुण आला. चिकट पाकही त्याला सोसू लागला. वर्षभराने औषधाचा प्रभाव ओसरला आणि त्रास काही प्रमाणात परतला. त्या कथेत आणखी एक व्यक्ती आहे, तिच्याकडे लेखिकेने द्यायला हवे होते तेवढे लक्ष दिलेले नाही. ती त्याची आई. आधी तिने मुलाला थांबवायचा प्रयत्न केला. त्याचे हाल बघवेनात तेव्हा ती स्वतःच घरातील वस्तू स्पिरिटने पुसू लागली, बाहेरच्यांना घरात येऊ देईना. प्रेमापोटी ती विकाराच्या चाकरीत गेली. तिला दोष देण्यात अर्थ नाही. "छान आहे, बरोबर आहे" म्हणणारे आम्ही त्याच चाकरीत होतो. घालमेल होते, कृती केली की ती क्षणभर उतरते, आणि या उतरण्यानेच कृतीची मुळे घट्ट होतात. पुढच्या वेळी घालमेल जरा लवकर येते. आम्ही दिलेला प्रत्येक धीर म्हणजे तिच्या हाती दिलेले एक नवे खोडरबर होते.

मग खोडरबर काढून घेणे बरोबर होते का? हा प्रश्न आम्हांला बरेच दिवस छळत होता, कारण वर्तनोपचाराचा आरंभ वरवर पाहता तसाच झाला. १९६६ साली लंडनच्या मिडलसेक्स रुग्णालयात व्हिक्टर मायर यांनी दोन रुग्णांवरील उपचारांचा वृत्तान्त लिहिला. त्यांतील एका बाईंच्या खोलीतील पाण्याचा नळ त्यांनी चक्क बंद करवला होता! पण फरक नीट पाहिला पाहिजे. परिचारिका दिवसभर त्यांच्या सोबत राहत. ज्या वस्तूंची भीती त्या वस्तू एकेक करून, बेताबेताने समोर आणल्या जात. नळ बंद झाल्यावर घालमेल वाढते, शिखराला जाते आणि धुतले नाही तरी काही वेळाने आपोआप उतरते, हा अनुभव रुग्णाला मिळावा यासाठी तो खटाटोप होता. पुढे आयझॅक मार्क्स, स्टॅन्ली रॅकमन आदींनी ही पद्धत घडवली. आज मुलांच्या बाबतीत सगळ्या पायऱ्या मूल आणि उपचारक मिळून ठरवतात. सर्वांत सोपी भीती आधी. आम्ही मात्र एका सकाळी काही न सांगता, चाळीस मुलांसमोर, शिक्षा म्हणून खोडरबर उचलले. नळ आम्हीही बंद केला, फक्त मायर यांनी केलेले बाकीचे काहीही केले नाही.

या पद्धतीचा कस मुलांवरही लागला आहे. २००४ साली अमेरिकेत ७ ते १७ वर्षांच्या ११२ मुलांवरील चाचणी प्रसिद्ध झाली. बारा आठवड्यांनी, वर्तनोपचार आणि सर्ट्रालिन हे औषध दोन्ही मिळालेल्या मुलांपैकी सुमारे ५४ टक्के जवळजवळ लक्षणमुक्त झाली. नुसत्या वर्तनोपचाराने ३९ टक्के, नुसत्या औषधाने २१ टक्के आणि नकली गोळीने ४ टक्क्यांहूनही कमी. ज्या वर्षी आम्ही रबर जप्त करत होतो त्याच वर्षी हे छापले जात होते.

तिसरी तक्रार पुस्तकात जे नाही त्याविषयी आहे, आणि ती शिक्षकाची खास तक्रार आहे. वर्गात पुन्हापुन्हा काही करणारे मूल दिसले की आपला पहिला संशय चंचलतेवर जातो. एडीएचडी, म्हणजे लक्ष टिकवण्यातील अडचण आणि अतिचंचलता, हा शब्द आता पालकसभेतही ऐकू येतो. गंमत म्हणजे या विषयात रॅपोपोर्ट यांचे काम प्रसिद्धच आहे. १९७८ साली त्यांनी कोणताही विकार नसलेल्या १४ मुलग्यांना चंचलतेवरील उत्तेजक औषधाचा एकेक डोस दिला. तेही अधिक शांत व एकाग्र झाले. 'औषधाने गुण आला, म्हणजे विकार होताच' हा युक्तिवाद त्या प्रयोगाने लंगडा झाला. लक्ष आणि सक्ती या दोन्ही विषयांचा असा अधिकार असलेल्या बाईंनी दोहोंतील फरकावर शिक्षकांसाठी एक प्रकरण लिहिले असते तर! ते नाही. म्हणून आम्ही ते आमच्या परीने भरून काढतो, आणि त्यासाठी शिक्षकखोलीतले तेच शब्द वापरतो.

पाय हलवणे, पेनाचे बटण टकटकवणे, डबा उघडझाप करणे हा चाळा. चंचल मुलाला थांबवले तर ते थांबते, विसरते आणि मिनिटभरात दुसरा चाळा सुरू करते. त्यामागे भीती नसते. उलट हा चाळा कधी कधी कामाचा असतो. २०१५ साली अमेरिकेत ८ ते १२ वर्षांच्या मुलग्यांवर झालेल्या अभ्यासात असे दिसले की आकडे-अक्षरे डोक्यात धरून ठेवण्याचे काम देताना एडीएचडी असलेली मुले अधिक हालचाल करत होती तेव्हा त्यांची कामगिरी सुधारत होती. इतर मुलांच्या बाबतीत मात्र हालचालीने कामगिरी खालावली. अशा मुलाला हाताची घडी घालून बसवले तर वर्ग शांत होईल, त्याचे गणित बिघडेल. त्याला फळा पुसायला उठवणारे शिक्षक शहाणे.

डोळे मिचकावणे, मान झटकणे, घसा खाकरणे ही आणखी वेगळी गोष्ट. हे टिक. १८८५ साली पॅरिसच्या जॉर्ज जिल द ला तुरेत यांनी अशा नऊ रुग्णांचे वर्णन केले आणि तीव्र प्रकाराला त्यांचे नाव मिळाले. टिक शिंकेसारखी असते. आधी आत काही तरी दाटते, थोडा वेळ दाबता येते, मग ती येतेच. मूल शाळेत सहा तास दाबून ठेवते आणि घरी गेल्यावर झटक्यांची सर येते. आई म्हणते "घरीच करतो", आणि सगळ्यांना वाटते ढोंग आहे. ही मात्र सर्वांना 'खोड' वाटते, आणि रागावल्याने हटकून वाढते. अझ्रिन आणि नन यांनी १९७३ मध्ये सुचवलेला उपाय असा की टिक येणार ही आतली चाहूल ओळखायला शिकायचे आणि त्या क्षणी तिच्याशी जुळणार नाही अशी दुसरी हालचाल करायची. २०१० सालच्या १२६ मुलांवरील चाचणीत या पद्धतीवर आधारलेल्या उपचाराने निम्म्याहून अधिक मुलांत लक्षणीय सुधारणा झाली. नुसती विचारपूस आणि माहिती मिळालेल्या गटात ती पाचांत एकालाही झाली नाही.

आणि मंत्रचळ. मध्येच थांबवले तर हे मूल कासावीस होते, आणि संधी मिळताच जेथे सोडले तेथून नव्हे, पहिल्यापासून सुरू करते. आम्हांला ही खूण सर्वांत उपयोगी पडली आहे. तिच्यावरून निदान करू नये. कोणाकडे पाठवायचे ते मात्र ठरवता येते. स्वमग्न मुले हात फडफडवतात किंवा तेच वाक्य म्हणतात, त्यात त्यांना अनेकदा आनंद किंवा स्वस्थता असते, म्हणून तेथे हा हिशेब लागू पडत नाही.

वास्तव याहून गुंत्याचे आहे, हे मान्य. तुरेतच्या मुलांपैकी पुष्कळांना एडीएचडी असते, पुष्कळांना ओसीडी, काहींना दोन्ही. मनात आकडे मोजणाऱ्या मुलाचे फळ्याकडे लक्ष नसते, त्याला चंचल ठरवून औषध सुरू झाले तर मूळ दुखणे तसेच राहते. उलट, उत्तेजक औषधाने टिक वाढतात म्हणून चंचल मुलांचे उपचार वर्षानुवर्षे अडवले जात. २००२ सालच्या १३६ मुलांवरील चाचणीत ही भीती बरीचशी अनाठायी ठरली. नकली गोळी घेणाऱ्यांपेक्षा औषध घेणाऱ्यांचे टिक अधिक बिघडले नाहीत.

शिक्षक उपचारक नाही, आणि वर्गात स्वतःच्या मनाने पायऱ्या रचू नयेत, असे आम्ही बजावतो. आपल्या हाती काय उरते? बरेच काही. मूल आणि तज्ज्ञ यांनी 'एका पानावर एकदाच खोडायचे' असे ठरवले असेल तर तो करार वर्गात पाळायला मदत करणे. "बरोबर आहे ना?" हा प्रश्न पाचव्यांदा आला की उत्तर न देता, पण आवाज न चढवता, "आपले काय ठरले आहे?" एवढेच म्हणणे. फळ्यावर आपला आकडा वाकडा आला तर तो तसाच ठेवून पुढे जाणे. परीक्षेत जादा वेळ द्यावा की नाही, हा अवघड प्रश्न आहे. वेळ मिळाला तर मूल पास होईल, आणि तो सगळा वेळ खोडण्यातही जाईल. आम्ही स्वतः आता वेळ देण्याच्या बाजूने आहोत, पण उपचार सुरू झालेला असेल तर, आणि पुढच्या सत्रात तो थोडा कमी करण्याच्या बोलीवर. जवळ मानसोपचारतज्ज्ञ नसेल तर २०२२ पासून सुरू असलेल्या टेलि-मानस सेवेचा १४४१६ हा क्रमांक पालकांना द्यावा. बेंगळुरूच्या निम्हान्समध्ये तर या विकाराचा स्वतंत्र बाह्यरुग्ण विभाग आहे. आणि सुंदर हस्ताक्षराच्या पाच गुणांचाही एकदा विचार करावा. ते गुण कोणालाही हा विकार जडवत नाहीत, पण ज्याला आहे त्याच्या विकाराला शाळेचा शिक्का देतात.

पुस्तक इंग्रजीत आहे, पण कथांची प्रकरणे दहावी-अकरावीच्या चांगल्या वाचकाला जमतील. त्यांपासूनच सुरुवात करावी. प्राण्यांचे प्रकरण विज्ञानमंडळात वादासाठी ठेवावे, तेथे ते रंगते. औषधांचे प्रकरण इतिहास म्हणून वाचावे. आज मुलांना बहुधा सर्ट्रालिनसारखी दुसरी औषधे आधी दिली जातात, आणि हा निर्णय सर्वस्वी डॉक्टरांचा. आमची प्रत आता सैल झाली आहे, पाठचे पुठ्ठे निघाले आहेत. शिक्षकांच्या बैठकीत ती फिरते तेव्हा तिच्यासोबत भोके पडलेली एक गणिताची वहीही फिरते. मुलगी गेली त्या मे महिन्यात ती तपासणीच्या गठ्ठ्यात आमच्याकडेच राहून गेली होती.